रिळाचा हत्ती

पांढरकवडा,
१८ जानेवारी १९६३

प्रिय नीळकंठ,

जयभीम. तू नमस्कार लिहितोस, मी जयभीम लिहितो, आणि पोस्टमन दोन्ही एकाच पिशवीतून आणतो, तेव्हा तुझी हरकत नसावी. तुझं पत्र आणि सोबतचं पार्सल दिवाळीच्या आधीच मिळालं होतं. उत्तराला उशीर झाला. तू लिहिलं होतंस की जे घडलं त्याला आता इलाज नाही, गेलेला मुलगा भीमराज काही परत येत नाही, तेव्हा एकटा बसत जाऊ नकोस. पांढरकवड्यासारख्या गावात बुद्धिबळ खेळणारी चार माणसं असतीलच, ती शोध, त्यांच्यात बसत जा, मन रमेल. आणि रमावं म्हणून आपला जुना पट आणि मोहरे पाठवलेस. मी तुझं ऐकलं. लहानपणापासून ऐकत आलोय. कुठे कुठे शोधलं ते सविस्तर लिहितो, म्हणजे तुझा सल्ला वाया गेला असं तुला वाटायला नको.

आम्ही गाव सोडलं ते तुला ठाऊकच आहे. मी इथे लाकडाच्या डेपोवर चौकीदार आहे. सागाच्या ओंडक्यांना कोणी पळवून नेत नाही, त्यामुळे दिवसभर रिकामाच असतो, आणि रिकाम्या माणसाच्या डोक्यात काय चालतं ते तुला सांगायला नको. कौसल्या बोलत नाही फारशी. पार्सल उघडलं तेव्हा मोहरे बघून एवढंच म्हणाली, "पोट्टा गेला, अन् तुम्ही काहून लाकडाचे घोडे नाचवून राह्यले?" पण तुझ्याविषयी तिचं मत चांगलं आहे. नीळकंठभाऊंनी आठवण तरी ठेवली, बाकी गावानं तेवढंही नाही केलं, असं ती शेजारणीला सांगत होती.

पहिल्यांदा गेलो तो कचेऱ्यांच्या मागे एक क्लब आहे तिथे. वकील आणि कारकून मंडळी संध्याकाळी जमतात, पत्ते असतात, बुद्धिबळाचे दोन पट असतात. मी धुतलेला सदरा घालून गेलो. दारातल्या माणसानं नाव विचारलं. उकंडा म्हटल्यावर त्याला जेवढं कळायचं तेवढं कळलं, पण खात्री करायला त्यानं आडनावही विचारलं. मग म्हणाला, जागा नाही, पाह्यचं असंल तर खिडकीतून पाहा. मी थोडा वेळ खिडकीतून पाहिलंही. लोक म्हणतात मी धर्म बदलला तसं नावही बदलायला हवं होतं. पण माझ्या आधीची भावंडं जगली नाहीत म्हणून आईनं मला उकिरड्यावर ठेवून उचललं आणि हे नाव दिलं. ते टाकायला जीव होत नाही. खिडकीतून बघताना मला आपला पार आठवला. तू वर पट मांडून बसायचास, मी खाली दगडावर, आणि मी ओरडून चाल सांगायची, "घोडा वजिरासमोर," की तू तुझ्या हातानं माझा घोडा उचलून ठेवायचास. सातवीपर्यंत तू वर्गात आणि मी ओसरीवर, तोच रिवाज पारावर. मी तेव्हा वाईट मानून घेत नव्हतो. उलट गावात माझ्याशी खेळतो असा तू एकटाच, याची मला ऐट होती. जिंकायचास जास्त तूच, आणि मी कधी म्हटलं नाही की माझे मोहरे तुझ्या हातात आहेत म्हणून. छप्पन साली दीक्षा घेतल्यावर मी म्हटलं, आता मी माझ्या हातानं खेळेन, आणि डाव बंद झाला. तू रागावला नाहीस. फक्त म्हणालास, गावात राहायचं आहे ना उकंडा. तुझंही खरं होतं, नोकरी बाहेर असली तरी तुझी शेती तिथेच.

दुसरी जागा मोटारस्टँडवरचं हॉटेल. तिथे फरशीवर वाघ-बकरीचा पट कोरलेला आहे, बाटल्यांची बुचं घेऊन खेळतात. नाव कोणी विचारलं नाही. दोन दिवस मजेत गेले. तिसऱ्या दिवशी कोणीतरी ओळखीचं निघालं आणि माझा चहा कान तुटलेल्या कपात आला, आणि तो कप वेगळ्या फळीवर ठेवलेला असतो हेही दिसलं. मी चहा ठेवला आणि उठलो. मग बाजाराच्या दिवशी कोलाम आदिवासींच्यात बसलो. ते मातीत रेघा ओढून खेळतात, मोठा खडा वाघ, लहान खडे बकऱ्या. मला त्यांची बोली येत नाही, त्यांना माझी फारशी नाही. माझा वाघ त्यांनी असा कोंडला की म्हाताऱ्या बायासुद्धा हसल्या, आणि मीही हसलो. पोळ्याला पोरगा गेल्यापासून पहिल्यांदा हसलो असेन. पण ते बाजार उठला की रानात जातात, आणि मी पुन्हा ओंडक्यांपाशी.

शेवटी जागा मिळाली ती हैदराबाद रोडवर, एका पंक्चरवाल्याच्या टपरीत. ट्रक तिथे तासन्‌तास उभे असतात आणि ड्रायव्हर लोक टायरवर फळी ठेवून बुद्धिबळ खेळतात. चीनच्या लढाईच्या दिवसांत तर रेडिओ ऐकायला ही गर्दी, आणि लढाई थांबेना तशी खेळायलाही. कोणी पंजाबचा, कोणी निझामाबादकडचा. भांडण होतं ते एवढंच की त्यांचं प्यादं पहिल्याच चालीला दोन घरं उडी मारतं आणि आपलं बिचारं एक घर चालतं. जात विचारायला कोणाला सवड नाही, पंक्चर निघालं की निघाले. नीळकंठ, घरी भीमराजाबरोबर मी खापऱ्या मांडून पुष्कळ खेळलो, त्यालाही मीच शिकवलं. पण खऱ्या पटावर, दुसऱ्या माणसासमोर बसून, स्वतःच्या हातानं वजीर उचलला तो त्या टपरीत. माझं वय तुला माहीत आहे. इतकं साधं होतं ते, की मला राग आला.

आता भीमराजाविषयी लिहितो, कारण तिथूनच पुढचं येतं. पोळ्याच्या दिवशी मी आणि कौसल्या मारेगावला तिच्या बहिणीच्या मुलाच्या नामकरणाला गेलो होतो. आमची वस्ती पोळ्याला हल्ली बाहेर पडत नाही. ढोरं ओढणं आणि डफडं वाजवणं सोडल्यापासून गावाचे डोळे आमच्यावर फिरलेले, तेव्हा सणाला घरात बसलेलं बरं. संध्याकाळी वस्तीतले लोक धावत गेले तर पोरगा बैलांच्या वाटेवर पडलेला होता. गाव म्हणालं, तोरणाखालचा बैल उधळला. अख्खं गाव तेच म्हणालं. पण डॉक्टरनं लिहिलं की डोक्यावरचा मार खुराचा नाही, काठीचा आहे, म्हणून फौजदारानं पाटलाच्या पुतण्याला आणि आणखी दोघांना धरलं. ते जामिनावर सुटून हिंडतायत. सरकारी वकील मला पहिल्याच भेटीत म्हणाले होते की पाहिलेला माणूस एकही नाही. तो मिळाला नाही तर खटला उभा राहत नाही. पुढच्या महिन्यात यवतमाळला सेशनपुढे उभा राहायचा आहे. हे सगळं मी तुला तेव्हाच कळवलं होतं. तू लिहिलंस, मी यंदा पोळ्याला गावी नव्हतो, तापानं पडलो होतो, नाहीतर काहीतरी करता आलं असतं.

मला एकच कळत नव्हतं. भीमराज पारावर चढला हे गावच्या एका म्हातारीनं कौसल्येला हळूच सांगितलं होतं. का चढला? मॅट्रिकला बसलेला, शहाणा पोरगा, सणाच्या दिवशी, सगळं गाव जमलेलं असताना, एकटा. मी त्याला कितीदा बजावलं होतं की हट्टानं काही करायचं नाही, आधी शीक. त्यानं ऐकलं नाही असंच मी धरून चाललो. त्याच्या फोटोपुढे बसून मनातल्या मनात त्याला बोललो सुद्धा, की बाबा, काय गरज होती तुला? मेलेल्या पोरावर बाप रागावतो, हे मी कोणाला सांगणार होतो.

या संक्रांतीच्या आदल्या दिवशीची गोष्ट. त्या टपरीत रामसिंग नावाचा एक कंडक्टर येतो, तांड्यावरचा आहे, बुद्धिबळाचं वेड. त्याची बदली इकडे नवीनच झाली. त्या दिवशी मी पहिल्यांदा तुझे मोहरे घेऊन गेलो होतो. एरवी नेत नव्हतो, ग्रीसचे हात लागतील म्हणून. लाल-हिरवे लाखेचे मोहरे मांडले, आणि हिरव्याचा एक हत्ती म्हणून तुझ्या आईचं दोऱ्याचं रिकामं रीळ ठेवलं. तो हत्ती आपण लहानपणी नदीत हरवला आणि तुझ्या आईनं रीळ दिलं, आठवतं ना. रामसिंगनं ते रीळ उचललं, उलटंपालटं केलं आणि म्हणाला, "हा हत्ती म्या पाह्यलाय, भाऊ. पोळ्याच्या दिवशी. मारेगावकडच्या एका गावात गाडीचा टायर बसलता, म्या पाणी आनाले गावात गेलतो. पारावर एक चष्मेवाले साहेब अन् एक पोट्टं आमनेसामने बसून खेळत होते. रीळ पाहून मले हासू आलं, म्हून ध्यानात राह्यलं."

 तो आपल्याच नादात सांगत होता. साहेबांनीच पोराला हात धरून वर घेतलं, म्हणाले, आता जमाना बदलला, बस इथं माझ्यासमोर. लोक भोवती जमत होते पण कोणी बोलत नव्हतं. रामसिंग दोन-चार चाली बघून पाणी घेऊन परतला. टायर बसवेपर्यंत गावात आरडाओरडा झाला, आणि ते साहेब पळत गाडीत येऊन बसले, डोक्यावर टोपी नाही, मांडीवर पटाचं गाठोडं, आणि म्हणाले, लवकर काढा गाडी. पुढे त्यानं कुठेतरी ऐकलं की त्या गावात बैलानं माणूस मारला, आणि त्याला ते खरं वाटलं. कोणालाही वाटलं असतं. साहेबांच्या डाव्या हाताचा अंगठा अर्धा होता का, एवढंच मी विचारलं. तो म्हणाला, "तिकीट देतानी पाह्यला ना. तुम्ही ओळखता का त्याईले?"

नीळकंठ, तू त्याला वर बोलावलंस याचा मला राग नाही. तुझं श्रेय माझ्याच्यानं कमी करवत नाही, म्हणून स्पष्ट लिहितो: ते तू चांगलं केलंस. जे माझ्याबाबतीत तुझ्याच्यानं झालं नाही ते माझ्या पोराच्या बाबतीत तू करून बघितलंस, आणि तो हट्टानं चढला नव्हता, वडीलधाऱ्या माणसानं बोलावलं म्हणून चढला होता. माझ्या मनावरचा तेवढा दगड तुझ्यामुळे उतरला. काठ्या निघाल्यावर तू पळालास, तेही मी समजू शकतो. भीती कोणाला वाटत नाही. पण त्यानंतरचे महिने मला समजत नाहीत. गाठोडं सावरायला तुला भान होतं. तापाची थाप सुचली. आणि घरात ठेववेनात म्हणून तेच मोहरे तू मला, त्याच्या बापाला, मन रमवायला पाठवलेस. मी त्या घोड्यांना कितीतरी दिवस रोज फडक्यानं पुसलं आहे, तुझी आठवण म्हणून.

हे पत्र लिहायचं कारण आता सांगतो. परवा यवतमाळला जाऊन मी सरकारी वकिलांना तुझं नाव दिलं. रामसिंगही साक्ष द्यायला तयार आहे, पण काठी कोणी घातली हे त्यानं पाहिलं नाही, ते तूच पाहिलंस. समन्स थोड्याच दिवसांत तुझ्या कचेरीत येईल. तुझ्या वरच्या साहेबांच्या समोर येईल, सगळे बघतील, गावची शेती कोण कसेल हाही प्रश्न पडेल, तुझ्या लेकीचं, शोभेचं, लग्न ठरत आलंय हेही मला माहीत आहे. सगळं माहीत असून नाव दिलं. शिपायाच्या हातून कळण्याआधी ते तुला माझ्याकडून कळावं, एवढ्यासाठी लिहिलं. मला भेटायला येऊ नकोस आणि कोणाला मध्ये घालू नकोस. कौसल्येला मी यातलं काही सांगितलेलं नाही. आम्ही दोघं कोर्टात समोरच बसलेले असू. आपला मुलगा कसा मेला हे तिला तिथेच कळेल, तुझ्या तोंडून. आणि तू काही पाहिलं नाही असं म्हणालास, तर तेही तिच्याकडे बघून म्हण.

तुझाच,
उकंडा