पाटी सरकून गेली

आत्याबाई, तुमचा लेक मुंबईत टीव्हीत नेमकं काय करतो, हे आपल्या झरी गावात तुम्हाला कधी कुणाला धड सांगता आलं नाही. मला, तुमच्या सुनेलाही, आलं नसतं. शेतकऱ्यांच्या कार्यक्रमातली नाटुकली ते लिहायचे, माणसं जमवायचे, सगळं उभं करायचे, आणि स्वतः कधीच दिसायचे नाहीत. पारावरची माणसं चिडवायची, "म्हातारे, पोरगं तिथं वायरी उचलायलंय का?" तुम्ही म्हणायचात, "शेवटाला नाव येतंय त्याचं. सगळ्यायच्या देखत ऐकवीन एकदा." विद्यापीठाच्या नामांतरावरून दंगली होऊन एसट्या बंद पडायच्या, त्या दिवसांत त्यांचं घरी येणं लांबायचं. आले तरी चुलीपाशी बसून लिहीत राहायचे. त्यांनी खोडून टाकलेल्या पानांवरच मी वाचायला शिकले.

पंचायतीत टीव्ही आला. तुम्ही पुढं पोत्यावर बसलाय, मी तुमच्या मागं, पदर सावरून. नाटुकल्यातली सासू सुनेला म्हणते, "भाकरी थापायलीस का नकाशा काढायलीस?" गाव हसतं. तुम्ही गर्रकन वळता. "अगं, हे तर माझंच बोलणं हाय!" मग नावांच्या पाट्या सुरू होतात. "वाच की गं. आलं का त्याचं?"

आलं होतं. लेखन आणि निर्मिती, दोन्हींखाली. पण एवढ्या थोरामोठ्यांत नवऱ्याचं नाव घ्यायचं कसं? मी नुसतं "आलं, आलं" म्हणाले.

"आलं म्हंजे? कामून गप झालीस?"

मागून कुणीतरी ओरडलं, "वहिनी, उखाणा घ्या मग!" मी खरंच उखाणा जुळवायला लागले, तोवर पाटी सरकून बातम्या लागल्या. हसत हसत माणसं उठली. वाटेत तुम्ही एवढंच म्हणालात, "जाऊ दे. म्या तरी तुझ्या मामंजीचं कुठं घेतलं कधी?" पुढचं नाटुकलं लागायच्या आत तुम्ही गेलात.

ते मात्र वर्षानुवर्षं लिहीत राहिले. सासूचं काम करणाऱ्या बाया बदलल्या, लुगडी बदलली, पण सासूच्या तोंडी बोलणं तुमचंच असायचं. मी कधी म्हटलं, आता पुढं या की, दिसा एकदा, तर थकल्या आवाजात म्हणायचे, "आई दिसतीय ना, बस झालं." ते गेले त्या दिवशी टीव्हीवर त्यांचा फोटो लागला, खाली नाव. तेव्हा पहिल्यांदा दिसले. झरीतही लोकांनी पाहिलं म्हणे. तुम्ही तेवढ्या नव्हता.

आता माझं सगळं सावकाश चालतं. दिवसभर वाचत बसते, मिळेल ते. नवरा गेल्यावर नाव घ्यायला कुणाची आडकाठी नसते. परवा घरात कुणी नव्हतं, तर तुमच्या फोटोसमोर उभी राहिले, तेवढं एक नाव तुम्हाला वाचून दाखवावं म्हणून. तोंड उघडलं आणि हात आपोआप पदराकडं गेला. मग म्हटलं, बोलवत नाही तर लिहून तरी टाकू. हे कुठं धाडायचं नाही, कुणी वाचायचं नाही. तरी बघा, आत्याबाई, पहिल्या ओळीपासून मी त्यांना 'तुमचा लेक', नाहीतर नुसतं 'ते'च म्हणत आलेय.