फाटक आठपर्यंत उघडं

बुध., १० सप्टें.
रूममेट हर्षदाच्या फोनवर जपानी अ‍ॅनिमेचा भाग पाहिला. माणसं आत बसून चालवतात ते अजस्र रोबो. बंडखोरांचा सेनापती आपल्याच एका पोरीचा ठावठिकाणा शत्रूला कळवतो. सगळं सैन्य तिच्यावर तुटून पडतं, तेवढ्यात बाकीचे शहर सोडवतात. तिला शेवटपर्यंत वाटतं, मदत येतेय. ह. रडली. मी म्हटलं, शहर सुटलं ना?
"तू असतीस तिच्या जागी तर?"
"तर काय, मेले असते."
जेवणात पुन्हा अळ्या.

शुक्र., १२
ठरलं. हॉस्टेलचं फाटक सहाला बंद, म्हणून कुणाला क्लास नाही, पार्टटाइम नोकरी नाही. रेक्टर मॅडम ऐकत नाहीत. उद्या मी अळ्यांचं वरण घेऊन प्राचार्यांच्या केबिनपुढे बसायचं. वॉचमन तिकडे धावले की ह. मुलींना घेऊन फाटकाचं कुलूप तोडणार. पत्रकार बोलावलाय. मग सगळ्या मुली माझ्याकडे येणार. प्लॅन अर्थात ह.चा.

शनि., १३
कुणी आलं नाही.
मी पोचले तर रेक्टर, झाडून सगळे वॉचमन आधीच उभे. ताट हिसकावलं, वरण अंगावर. मॅडमनी झिंज्या धरल्या. मी वेड्यासारखी दाराकडे बघतेय, ह. येईल. लांबून मुलींचा जल्लोष ऐकू आला. कुलूप तुटलं होतं.
आबांना फोन गेला. मी निलंबित.

बुध., १७. एरंडोल
फाटक आता आठपर्यंत उघडं. ग्रुपवर ह.चे आभार चाललेत. माझं नाव कुठेच नाही.
आई: "तुले कोनी सांगेल व्हतं पुढे व्हवाले?" आबा बोलतच नाहीत.

रवि., २१
ह. घरी आली. आईने कळण्याची भाकरी, भरीत केलं. "काकू, मस्त झालंय," म्हणत मागून मागून जेवली. मग गच्चीवर—
"प्राचार्यांना आदल्या दिवशी मीच कळवलं, तू येणार म्हणून. नाहीतर सगळे वॉचमन तिकडे गेले नसते."
"मला सांगायचंस. तरीही मी गेले असते."
"मध्येच उठली असतीस. आणि तूच म्हणालीस, शहर सुटलं ना?"
उद्या चौकशी. तिचं म्हणणं, मी सांगायचं की कुलूप तोडणंही माझ्याच डोक्यातलं, ह.चा संबंध नाही. तिलाही काढलं तर प्राचार्यांशी भांडायला कुणी उरणार नाही, फाटक पुन्हा सहाला. "तू तशीही घरी बसलीच आहेस," म्हणाली. अगदी मायेने. तेच तर—

सोम., २२. जळगाव
घरी घट बसले. मी कॉलेजच्या ऑफिसबाहेरच्या बाकावर. एस.टी.त आबा एकदाच बोलले: "खरं शे तेच सांगजो."
फर्स्ट इयरची एक पोरगी येऊन पाया पडली. "ताई, मी आता टॅलीच्या क्लासला जाते." नावही माहीत नाही तिचं. थोबाडीत द्यावीशी वाटली.
ह. समोरच्या बाकावरून उठून आली. माझी ओढणी सारखी केली, केस कानामागे सारले, आई करते तसे. शिपाई माझं नाव पुकारतोय—