माझी झिजलेली थापी कोणाकडे जावी

मी, फिंटन गेराटी, वय तेवीस, धंदा भिंतींना पातळ गिलावा देण्याचा, मुक्काम गॉलवे (उद्यापासून अटलांटिक!), हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत लिहितो. प्यायलेलो नाही, नुसते आनंदाने पाय ठरत नाहीयेत. सकाळी सहाला शिडाच्या बोटीवर खलाशी म्हणून फेरो बेटांना निघतोय. कप्तान म्हणाला, "समुद्र आहे बाबा, दोन ओळी लिहून ठेव."

कलम १. घर नाही. तंबू बहिणीला, ब्रोनाला. त्याला भोक आहे, कुठे ते पाऊस सांगेल.

कलम २. रेडिओ मॅलकी रंगाऱ्याला. माझा गिलावा ओला असताना त्याने रंग फासला, पापुद्रे सुटले, आणि गिऱ्हाइकासमोर म्हणतो कसा, "गिलाव्यातच खोट आहे!" पुढच्या वेळी गिलावा सुकेपर्यंत गाणी ऐक, मॅलकी.

कलम ३. आता मुद्द्याचं. माझी थापी. नवी थापी भिंतीवर रेघा ओढते. ही तीन वर्षं घासून अशी झालीय की दुसरा हात फिरवताना भिंत चकाकते, शप्पथ! अशी थापी आम्ही सख्ख्या भावालाही देत नाही. मी मेलो तर ती डिम्प्ना क्विल्टीबाईंना द्यावी. काम त्यांनीच शिकवलं. आणि त्यांच्याच स्वयंपाकघराचं छत मी घालवलं: बादली न धुता माल कालवला. जुने कण राहिले की नवा माल दहा मिनिटांत आवळतो. अर्धं छत झालं, तेही खड्ड्याखड्ड्यांचं, नि बादलीत दगड! बाई शिडीखालून म्हणाल्या, "अरे, छत करतोयस की चंद्र?" नीट करून देतो म्हणालो, तेवढ्यात बोट मिळाली. तर बाई, थापी घ्या आणि छत तुम्हीच उरका.

कलम ४. हे लिहितोय तेव्हा बाई डोक्यावर उभ्या आहेत. वरचं वाचून म्हणाल्या, "पेन दे. साक्षीदार मी."

"अहो, साक्षीदाराला वारसा मिळत नाही! तुमची थापी बुडेल."

"कायदा कळतो मला, गाढवा. म्हणूनच मागतेय."

"मग थापी कोणाला?"

"कोणाला नाही. माझ्या खुंटीवर राहील. तू येऊन उतरव."

कलम ३ तसंच ठेवतो आणि पेन त्यांना देतो.

सही: फिंटन गेराटी
साक्षीदार: टोमास हेशन, शेजारी
साक्षीदार: डिम्प्ना क्विल्टी. छताला हात लावणार नाही.

गॉलवे, १४ मे