कट म्हणायचं राहिलं

सोमवार, ३
सुटलो एकदाचा. बावीस वर्षं तोंडाला रंग फासून दुसऱ्यांची वाक्यं बोललो. आजपासून मी दिग्दर्शक. मालिका रडकी आहे, पण खुर्ची माझी. नटांची जमातच बिनडोक, हे माझ्याइतकं कोण जाणतं? ऊठ म्हटलं की उठायचं, बस म्हटलं की बसायचं. त्यात आजोबांचं काम करणारे काका म्हणजे नुसता ओंडका.

मंगळवार, ४
आज आजोबा मरतात तो प्रसंग. काका मेल्यावरही श्वास घेत होते, पोट भात्यासारखं वरखाली. सगळ्यांदेखत त्यांची बिनपाण्याने केली. हात जोडून म्हणाले, साहेब, आता तुम्ही कट म्हणेपर्यंत हलणार नाही. शॉट चालू असतानाच चॅनेलचा फोन आला. बोलत बोलत बाहेर गेलो तो जेवूनच परतलो. कॅमेरा चालूच, काका पलंगावर पडलेले. कट दिग्दर्शकानेच म्हणायचं, म्हणून कोणी म्हटलं नाही. मेंढरं सगळी. काकांना हलवलं तर अंग गार. डॉक्टर म्हणाले, हृदय बंद पडलं.

गुरुवार, ६
सगळे असे बघतात जणू मीच मारलं. म्हातारा आज ना उद्या जाणारच होता. जन्मात एकदा बरं काम केलंन, ते मी वापरणार.

शनिवार, ८
संकलन करणारी बाई म्हणते, काकांचा शॉट संपतच नाही. चित्रण पाऊण तासाचं, आणि ती सकाळपासून बघतेय. तिला मूर्ख म्हणालो आणि स्वतः बसलो. चार तास झाले. तो पलंग कालच मोडून ठेवलाय. पडद्यावर तसाच आहे, वर काका.

बाई म्हणाली, अहो, कट म्हणा ना. म्हणालो. काकांनी डोळे उघडले. म्हणाले, मी सुटलो, साहेब. तुम्हाला कट कोण म्हणणार?

रविवार, ९
भीती वाटतेय. सकाळपासून घरात खुर्चीवर बसलोय. पाय हलत नाहीत. श्वास धरलाय, तो सुटत नाही. फक्त हात —

दुपार
एक शब्द होता. म्हणायला हवा होता. माझी चूक —

बायको रडतेय. आमच्या धंद्यातलं तिला काय कळतंय, म्हणून कधी काही सांगितलंच नाही. उठा म्हणते. पुरे म्हणते. थांबा, झालं, बास — सगळं म्हणते, तेवढं सोडून —

वहीत वाकून बघतेय आता — अगं, म्हण — क