कोपरा फाटलेली पत्रिका

चिंचेची वस्ती, पो. रहिमतपूर
गुरुवार, दुपारची वेळ

श्रीयुत आकाराम पाव्हणं यांच्या सेवेशी, आपल्या धाकट्या बहिणीचे यजमान जोतीराम यांचा दोन्ही हात जोडून रामराम.

इकडं सगळं ठीक असून मी जिवंत आहे. (हे परवा आपण डोळ्यांनी पाहिलंच आहे, तरी लेखी कळवलेलं बरं.) सासूबाईंचे गुडघे कसे आहेत? माझ्या नावानं त्यांनी अंगावरच्या लुगड्यानिशी गार पाण्यानं अंघोळ केली असं कळलं. सर्दी तर झाली नाही ना? तुमच्या साईराजची परीक्षा संपली का, तांबडी गाय व्याली का, हे सगळं विचारायचं तीन वर्षांपासून मनात आहे. पण फोनमध्ये तुम्ही मला बंद करून ठेवलंय. शाळेत गुरुजींनी शिकवलं होतं की पत्रात 'हाय' लिहू नये, 'आहे' लिहावं. म्हणून शुद्ध लिहितोय. मध्येच घसरलो तर सांभाळून घ्या.

मी स्वतःच येणार होतो. पण तुमची बहीण संयोगिता मला एकट्याला एसटीत बसू देत नाही. मागं एकदा आष्ट्याला तुमच्याकडंच निघालो होतो. इस्लामपूर गेलं, दोन्ही बाजूंना ऊस, त्याला तुरे आलेले, वारं आलं की सगळं रान एका अंगाला लवायचं. बघता बघता आपण कुठं चाललोय हेच विसरलो आणि भानावर आलो ते सांगलीच्या स्टँडवर. म्हटलं, आलोच आहे तर कृष्णामाईचं दर्शन घ्यावं. घाटावर बसलो. पाणी असं काही संथ चाललं होतं की त्याला कुठं जायची घाईच नव्हती, मग मलाही राहिली नाही. परतीच्या गाडीतसुद्धा आष्टा मागं पडलं आणि मी तुमच्याकडं न येताच घरी पोचलो. तेव्हापासून बंदी आहे.

आता मूळ भांडणाचं. तीन वर्षांपूर्वी यात्रेला तुम्ही आलात, मी स्टँडवर आणायला आलो आणि तुम्हाला न घेताच घरी परतलो. तुम्ही तीन तास उन्हात उभे राहिलात आणि मटणाचं जेवण सोडून तिथूनच आष्ट्याला माघारी गेलात. चूक माझी. शंभर टक्के माझी. स्टँडच्या मागच्या पिंपळावर त्या दिवशी इतके पोपट उतरले होते की झाडाला पानं कुठली न् पोपट कुठले कळत नव्हतं. ते सगळे उडाले तसा मीही उठलो आणि घरी आलो. ताटावर बसल्यावर संयोगितानं विचारलं, "दादा कुठं हाय?" तेव्हा घास हातातच राहिला. हे मी त्या वेळी सांगितलं नाही, कारण पोपटांमुळं पाव्हणा विसरला असं कोणत्या तोंडानं सांगायचं?

म्हणून आमच्या शिवांजलीचं वडूजच्या सूरजशी ठरलं तेव्हा मी मनाशी म्हटलं, पहिली पत्रिका पाव्हण्यांना. मोबाईलवर पाठवलेल्या पत्रिकेला कसला आलाय मान? कोपऱ्यांना हळदकुंकू लावलं, प्रवासात चुरगळू नये म्हणून वरून खाकी पाकीट केलं, विहिरीवर बसून माझ्या हातानं पत्ता लिहिला आणि तिथूनच जाऊन टपालात टाकली. महिना झाला त्याला! रोज मी त्या पत्रिकेचा विचार करायचो. आता ती कराडला पोचली असेल, आता थैलीत बाकीच्या पत्रांच्या अंगावर रेलून झोपली असेल, आता तुमच्या ओट्यावर उतरली असेल आणि तुम्ही चष्मा शोधत असाल. मोठा जीव रमायचा त्यात.

प्रत्यक्षात ती भलतीकडंच गेली होती. त्याला कारण मीच. सव्वीस वर्षं फौजेत काढली, पत्ता लिहायचा म्हटलं की हात आपोआप चालतो. तुमचं नाव लिहिलं, आष्टा लिहिलं आणि खाली आपलं सवयीनं लिहून टाकलं, 'द्वारा ५६ ए.पी.ओ.' म्हणजे पत्रिका गेली लष्कराच्या टपालात! पाकिटावर शिक्के आहेत म्हणे चार-पाच. कुठं कुठं हिंडली कुणास ठाऊक. मला तर वाटतं वर बर्फापर्यंत गेली असावी. तिथं एखाद्या बंकरमध्ये शेगडीपाशी आपल्या भागातलाच एखादा जवान ती हातात घेऊन बसला असेल, आष्टा हे नाव वाचून त्याला गावाकडची भाकरी आठवली असेल, आणि मग त्यानंच ती परत पाठवली असेल. (हे संयोगिताला सांगितलं. ती म्हणाली, "तुमाला बी तिकडंच पाठवाया पायजे हुतं.")

उशिराचं एक वेळ मी सोसलं असतं. पण टपालवाल्यांनी पाकिटाचा कोपरा फाडला, ते मी सोडणार नाही. अहो, कोपरा फाटलेलं पत्र म्हणजे मयताची खबर, ते वाचायच्या आधी उंबऱ्याबाहेर ठेवायचं, हे आपल्याकडं शेंबड्या पोराला ठाऊक! सासूबाईंनी कोपरा बघितला, मागच्या बाजूला माझं नाव बघितलं, पाकीट शेवग्याच्या बुडात टाकलं आणि हंबरडा फोडला. त्यांचं काय चुकलं? चुकलं टपालाचं. मी वरपर्यंत तक्रार करणार आहे. मजकूर मनात तयार आहे.

परवा मंगळवारी मी अंगणात बाजेवर पडून भुईमुगाच्या शेंगा खात होतो. जीप आली. तुम्ही उतरलात. पांढरी टोपी, खांद्यावर टॉवेल, मागं सहा जण आणि एकाच्या हातात झेंडूचा हार. मला वाटलं, झालं गेलं विसरून पाव्हणं लग्नाच्या तयारीला आठ-दहा दिवस आधीच आलं! ऊर भरून आला. म्हटलं, "या या, आवं, हार कशाला आणला?" तुम्ही जागच्या जागी थिजलात आणि म्हणालात, "आरं, दाजी तर शेंगा खात्यात!" तीन वर्षांनी तुमच्या तोंडून 'दाजी' ऐकलं. पुढं तुम्ही जे जे बोललात ते पत्रात लिहिण्यासारखं नाही, "जित्ता हाय तर कळवाया काय हुतं?" एवढंच त्यातलं सभ्य. जीप वळली. हार बाजेवरच राहिला.

पण पाव्हणं, एक मी बघितलं. तुमचे डोळे सुजून लाल झाले होते. आष्ट्यापासून इथवर तुम्ही रडत आला होता. माझ्यासाठी कुणी एवढं रडलेलं मी पहिल्यांदाच बघितलं (बघायला माणूस सहसा शिल्लक नसतो). त्या दिवसापासून लय वेगळं वाटतंय. बाजेवर पडलो की तेच डोळ्यांपुढं येतं आणि सोललेल्या शेंगा तशाच पडून राहतात.

काल साईराजचा संयोगिताला फोन आला. तुम्ही घरी जाऊन शेवग्याखालचं पाकीट उघडलंत म्हणे. आत लग्नाची पत्रिका निघाली, आणि 'मुलीचे मामा' असं छापलेलं त्यापुढं नावच नाही. "आत्या, आबा म्हणत्यात, मामाचं नावच गाळलंय तर मामाचं तितं काय काम?" शपथेवर सांगतो, चारशे पत्रिकांवर तुमचं नाव आहे. टपालानं फाडलेल्या कोपऱ्यात नेमकं तेवढंच गेलं. शिवांजली हे ऐकून रडली नाही, ओरडली नाही. कपाटातले कपडे काढून पुन्हा घड्या घालत बसली, म्हणजे प्रकरण गंभीर आहे. एवढंच म्हणाली, "मंगलाष्टका चालू असताना माज्या पाठीशी मामा न्हाई, तर मी पाटावर हुभी ऱ्हाणार न्हाई." आई तुमचीच बहीण, त्यामुळं पोरगी बोलल्याप्रमाणं करते. लग्नाला आठ दिवस राहिलेत. त्यात माझ्याकडून आचाऱ्याचा नंबर हरवलाय, त्यावरून घरात वेगळंच सुरू आहे.

तरी राग सोडावा आणि सहकुटुंब यावं. सासूबाईंना दंडवत, साईराजला आशीर्वाद.

तुमचा (हयात) दाजी,
जोतीराम

ता. क. – पाकिटावर पिनकोड संयोगितानं लिहिलाय. काळजी नसावी.

दुसरा ता. क. – हे पत्र बंद करायला डिंक हवा म्हणून खुंटीवरच्या जुन्या शर्टाचा खिसा चाचपला. त्यात एक खाकी तुकडा सापडला. वर माझ्या अक्षरात आचाऱ्याचा नंबर. उलटून बघितलं तर आत पत्रिकेचा कोपरा, त्यावर हळदकुंकू आणि 'श्री. आकाराम' हे नाव. आता आठवलं. विहिरीवर पत्ता लिहून झाला, आचाऱ्याचा फोन आला, समोर खंड्या पक्षी पाण्यात सूर मारत होता, आणि नंबर लिहायला हाताला लागला तो कागद मी फाडला. टपालाबद्दल वर लिहिलेलं सगळं मागं घेतो. ती माणसं देवासारखी आहेत.

तिसरा ता. क. – तो कोपरा सोबत पाठवत आहे. पत्रिकेला चिकटवा, म्हणजे ती मयताची राहणार नाही. मात्र कोपरा घेऊन दोन दिवस आधी स्वतः या, कारण आचाऱ्याचा नंबर त्यावरच आहे आणि तुम्ही आल्याशिवाय चूल पेटणार नाही. तुम्ही म्हणाल, नंबर उतरून का घेतला नाही? मला सुचलं नाही, असं समजा. संयोगितालाही सुचलं नाही. शिवांजलीलाही सुचलं नाही. स्टँडवर आणायला मी येतोय, पोरगी माझा हात धरून सोबत असेल. मी मेलो म्हणून आला होता, पाव्हणं. आता मी आहे म्हणून या.