बांगड्या वाढवण्याबाबत खुलासा

मी, मुखरू वल्द देवाजी बोरकुटे, वय साठीच्या पलीकडे, धंदा पूर्वी मास्तरकी व आता बिनपगारी बडबड, राहणार सावली, जिल्हा चांदा, राज्य परवापरवापर्यंत मध्यप्रदेश व हल्ली मुंबई (मी घर हलवलेले नाही, राज्यच हलले), हे मृत्युपत्र राजीखुशीने लिहून ठेवतो. माझ्यावर कोणाचा दाब नाही आणि माझी अक्कल ठिकाणावर आहे. या शेवटच्या वाक्याबद्दल गावात दोन मते आहेत व दुसरे मत बहुमतात आहे, हेही नमूद करतो.

कलम १. आम्हाला मूलबाळ नाही. राहते घर, परसातल्या चिंचेसकट, माझी पत्नी रंभा हिला पूर्ण मालकीने द्यावे. नुसते राहण्यापुरते नव्हे. घर गळते ते मी दुरुस्त केले नाही, कारण मी विचार करत होतो.

कलम २. काय विचार करत होतो, तर ‘विपरीत-संक्रमणाचा सिद्धांत’. माझी खरी मालमत्ता हीच, पण ती फुकटही कोणी घेतली नाही. सिद्धांत असा की जगे अनेक आहेत, आणि एका जगात न मावणारी विसंगती शेजारच्या जगात उतरते. इथे जे फुटते ते तिथे वाढते. पुरावा आपल्या जिभेवर आहे. नारळ फोडतो आणि ‘वाढवला’ म्हणतो. दिवा विझवतो, दुकान बंद करतो, तेही ‘वाढवले’च. निघालेला माणूस ‘येतो’ म्हणतो. एवढी सगळी माणसे रोज खोटे बोलतील कशी? ती खरेच बोलतात, फक्त शेजारच्या जगातले.

यावर मी चांद्याला शाळेच्या सभागृहात व्याख्यान दिले. श्रोते एकेक करून ‘येतो मास्तर’ म्हणत उठले आणि एकही परतला नाही. सिद्धांतानुसार ते त्याच वेळी दुसऱ्या जगातल्या सभागृहात शिरत होते. तिथे माझे व्याख्यान फार गर्दीत झाले असावे. इकडे शेवटी मी आणि शाळेचा जुना चपराशी सुकलू उरलो, आणि त्याच्याकडे किल्ल्या होत्या.

कलम ३. माझे थोरले बंधू रामाजीभाऊ यांनी भर बाजारात जाहीर केले होते, “मुखरूच्या डोक्शातला नारळच वाढला!” विनोद चांगला होता, त्यामुळे राग जास्त आला. त्यांना माझ्या तेराव्याला एक नारळ द्यावा. तो त्यांनी कोणत्याही अर्थाने वाढवावा.

कलम ४. आता मुद्द्याचे. हा सिद्धांत मला पुस्तकात सापडलेला नाही. मी सात-आठ वर्षांचा असताना माझी बहीण कमळाबाई हिचा नवरा तापाने गेला. तो तिचा नवरा होता एवढेच तिला ठाऊक होते, कारण तीही पोरच होती. घरात बायका कुजबुजत होत्या, “बाईच्या बांगड्या वाढवाच्या हायेत.” मला आनंद झाला. मी धावत जाऊन तिला सांगितले, “बाई, तुले आनखी बांगड्या भेटून राह्यल्या!” तिने मला विचारले, “हिरव्या?” मी म्हणालो, “हो, हिरव्याच.” ओसरीवर बसवल्यावर तिने आपण होऊन दोन्ही हात पुढे केले. मग वरवंटा आला.

ती पुढे चाळीस वर्षे जगली आणि मोकळ्या हातांनी आमचा सगळ्यांचा स्वयंपाक करत राहिली. मी खोटे बोललो नव्हतो, शब्द खोटा बोलला होता. पण माझे ते बोलणे कुठेतरी खरे ठरावे म्हणून मला एक अख्खे जग उभे करावे लागले. तिथे कमळाबाईचे हात कोपरापर्यंत हिरवे आहेत. हे शास्त्र नव्हे, हे मलाही कळते. मास्तर होतो, अगदीच अडाणी नाही.

म्हणून या कागदापुरता खुलासा: ‘वाढवणे’ म्हणजे अधिक करणे, दुसरा अर्थ घेऊ नये. आणि माझ्या मृत्यूनंतर रंभेच्या बांगड्या वाढवाव्यात. आहेत त्या तशाच राहतील व त्यांत भर पडेल. भावकीतल्या एकाही बाईने वरवंटा घेऊन माझ्या ओसरीवर येऊ नये.

कलम ५. धानाच्या बांध्या, म्हणजे माझी सगळी भातशेती, रामाजीभाऊंचा मुलगा लच्छू यास. मात्र कलम ४ मोडले, तर त्याही रंभेच्या. सिद्धांताला भावकी हसते, बांध्यांना हसणार नाही. हे सारे अमलात आणण्याचे काम माझे स्नेही गुणवंतराव वकील यांच्याकडे सोपवतो.

कलम ६. इथवर लिहून रंभेला वाचून दाखवले. ती तांदूळ निवडत होती. म्हणाली, “लोक का म्हनतीन मले?” मी म्हणालो, “लोकांचे राहू दे, तुझे सांग.” तांदळातला एक खडा बाजूला टाकून तिने विचारले, “आन् मी आधी मेली त तुमचं का वाढवतीन?”

इतकी वर्षे सिद्धांत घासला, पण हा प्रश्न मला सुचला नाही. पुरुषाच्या अंगावर फोडण्यासारखे काही ठेवलेलेच नाही. तेव्हा जादा कलम लिहितो: रंभा आधी गेल्यास माझा चष्मा वाढवावा. या एका ठिकाणी शब्दाचा जुना अर्थ धरावा. तिच्यामागे मला पाहण्यासारखे काही उरणार नाही.

हे ऐकून ती तांदळाचे सूप बाजूला ठेवून बाहेर गेली आणि रस्त्याने जाणाऱ्या कासारणीला हाक मारून घेऊन आली. मी लिहीत असतानाच ती समोर बसून हात दाबून घेत हिरव्या बांगड्या भरते आहे. मी म्हणालो, “अगं, मेल्यानंतर म्हटले आहे मी. आत्ताच काऊन?”

“वाढवाच्याच हायेत न?” ती म्हणाली. “मंग तुमाले दिसाले नोको?”

सही: मुखरू देवाजी बोरकुटे
मुक्काम सावली, ता. १७ नोव्हेंबर १९५७

साक्षीदार:
१. गुणवंतराव, वकील, चांदा. (साक्ष सहीची. सिद्धांताची नाही.)
२. सुकलू, माजी चपराशी. निशाणी अंगठा. (तोंडी सांगितले ते लिहून घेतले: “मी त्या दिवशी किल्ल्यांसाठी थांबलो नव्हतो. मले आयकाचं होतं.”)