मुक्ताची पेनल्टी

रविवार, सरोजिनी नगर

मुक्ताच्या कॉलेजची फुटबॉल टीम फायनलला पोचली, तीही शेवटच्या मिनिटाला मुक्ताच्याच पेनल्टीवर. आणि मी ती पाहिलीच नाही! तिने बॉल ठेवला तसे माझे डोळे मिटले, नामस्मरण सुरू. आरडाओरड झाली तेव्हा उघडले. शेजारी समोरच्या टीमच्या गोलकीपर मुलीचे वडील, सरदारजी. त्यांनीही तेव्हाच डोळे उघडले.

"क्या हुआ जी?" त्यांनी मलाच विचारलं.

मला तरी कुठे माहीत! देवाने तरी कुणाचं ऐकायचं?

परतताना मेट्रोत मुक्ताला म्हटलं, "काय गोल मारलास गं!"

"बाबा, तू डोळे मिटून बसला होतास. मी बघितलं ना." मग हसली. "फायनलला देवाचं काम देवाला करू दे यार, तू मॅच बघ."

बरं. शनिवारी जप घरीच करून निघेन.